बेंबळीतली गोणपाटाची वाट

ईशान आणि मीरा,

जानेवारीत तुमचा फोन आला तेव्हा मी घरी नव्हते आणि शेजारच्या काकूंनी तुम्हाला सांगितलं की आजी सिनेमाच्या शूटिंगला गेली आहे. ते अर्धंच खरं आहे. मी एका माणसाची चौकशी करायला गेले होते. आता प्रवासाचे कपडे धुऊन कपाटात गेले, औषधांचा डबा जागेवर आला, तेव्हा सगळं क्रमाने लिहिते. बाबांना वाचून दाखवाल तेव्हा एवढं सांगा की पाणी मी उकळूनच प्यायले.

सोमवार, धाराशिव

तुमचे आजोबा पाटबंधारे खात्यात होते तेव्हा आम्ही काही वर्षं या गावात राहिलो. गावाला तेव्हा उस्मानाबाद म्हणत. शेजारी हनीफभाई मास्तर आणि त्यांची बायको रशीदा राहायचे. तुमच्या बाबांना गोवर आला तेव्हा रात्रंदिवस माझ्याबरोबर बसली ती हीच रशीदा. हनीफभाई गेल्यावर ती बेंबळीला सासरच्या घरी राहायला गेली आणि तेव्हापासून एकटी शेती बघते.

ती स्वतः स्टेशनवर आली होती. डोक्यावरून घट्ट पदर, हातात पिशवी आणि पिशवीत इथले प्रसिद्ध गुलाबजाम. मी आधी वास घेतला, मग खाल्ला. खव्याच्या बाबतीत मी कुणावर विश्वास ठेवत नाही. ती हसली. "अजून तशाच हाव तुमी, वैनी. म्हणून तर तुमालाच बोलावलं."

प्रकरण काय ते तिने जीपमध्ये सांगितलं. एका चित्रपट कंपनीने तिचं विहिरीजवळचं रान एका हंगामासाठी भाड्याने घेतलं होतं. चित्रपट निजामाच्या काळात इथे आलेल्या एका नॉर्वेजियन नर्सबद्दल. त्यासाठी नॉर्वेहून एक म्हातारा आला होता. पडद्यावर जे जे दिसतं, घर, भांडी, भिंतीचा रंग, दारावरचा हात लागून आलेला तेलकटपणा, ते सगळं ठरवणं आणि उभं करणं हे त्याचं काम. त्याने रानाभोवती हिरवी जाळी बांधून घेतली आणि आत काय चाललंय ते कुणाला दिसेना. काम करणारे हैदराबादचे. एक दिवस जाळी निघाली, तर रशीदाच्या रानातून, विहिरीपासून थेट नाल्यापर्यंत, शंभर वर्षांची वाटावी अशी बैलगाडीची वाट गेलेली. दोन्ही बाजूंना चाकांनी खोल गेलेल्या चाकोऱ्या, मधे गवताचा पट्टा.

टोरांटोत तुमच्या अंगणाची हद्द कागदावर असते आणि तिथे विषय संपतो. इथेही कागद आहेच, पण पायांनाही मत असतं. एखाद्या रानातून लोक पूर्वापार जात-येत आले असतील तर त्याला वहिवाट म्हणतात, आणि ती अडवता येत नाही. मराठवाड्यात सख्खे भाऊ एकमेकांशी बोलायचे बंद होतात ते बहुतेक या एका शब्दापायी.

रशीदाच्या रानामागे गफूरचं रान आहे. गफूर हा हनीफभाईंचा चुलतभाऊ. त्याला स्वतःच्या रानात जायला नाल्यातून वळसा घालून जावं लागतं आणि पावसात ट्रॅक्टर रुततो. रशीदाच्या रानातून आपली जुनी वाट होती आणि तिने ती अडवली, असा अर्ज त्याने तहसीलला आधीच दिला होता. जाळी निघाली त्याच दिवशी तो बांधावर उभा राहून मोबाइलवर फोटो काढत होता. त्यानंतर लवकरच नोटीस आली की गुरुवारी साहेब जागा बघायला येणार.

"गावात विचारलं तर?" मी म्हटलं.

"निम्मे म्हणतेत होती, निम्मे म्हणतेत न्हवती. कोण काय म्हणंल ते त्येच्या नात्यावरनं आधीच कळतंय." मग ती आवाज खाली करून, कापऱ्या स्वरात म्हणाली, "वाट इथंच कर म्हणून त्या गोऱ्या माणसाला गफूरनंच सांगितलं आसंल. कंपनीचा मॅनेजर रोज त्येच्याकडं च्या प्यायला जातोय. मधी कुणी नको, तुमी विंग्रजीत सरळ विचारा."

मला बोलवायला तिने फोन केला तेव्हाही तिचा आवाज असाच कापत होता. मी तो रागाचा समजले.

मंगळवार, रशीदाचं रान

सकाळी रानात गेलो. बेंबळीची जमीन काळी, कापसाची. आजूबाजूला ज्वारी डोक्याच्या वर गेलेली आणि कणसांत दूध भरलेलं. मधे हे एकच रान उघडं, आणि त्यातून ती वाट. मी बघत राहिले. चाकोरीच्या कडेला माती घासून गुळगुळीत झालेली, मधल्या गवतात शेळ्यांनी खुडल्याच्या खुणा, एका जागी गाडी चिखलात फसून बाहेर काढल्यासारखी उसकटलेली माती. मला माहीत नसतं तर मी शपथेवर सांगितलं असतं की माझ्या जन्माआधीपासून इथून गाड्या जातायत. इतकं खोटं इतक्या मनापासून करणारा माणूस सरळ असेल यावर माझा विश्वास बसला नाही.

त्या माणसाबद्दल गावाची वेगवेगळी मतं होती. तो पहाटे रानात येतो, गुडघे टेकतो आणि गाल जवळजवळ जमिनीला लावून एका डोळ्याने लांबवर बघत बसतो, हे पुष्कळांनी पाहिलं होतं. काहींचं म्हणणं, तो गुप्तधन शोधतोय. काहींचं म्हणणं, तो पवनचक्कीवाल्यांचा दलाल आहे. या जिल्ह्यात पवनचक्क्यांसाठी माळरानं विकत घेत हिंडणारे दलाल बरेच, त्यामुळे हा संशय मला जास्त पटला. तेरखेड्याहून शूटिंगसाठी धुराच्या नळकांड्या घेऊन एक फटाकेवाला आला होता, त्याचं मत पडलं की हे लोक सुरुंग लावणार.

हाल्वोर, म्हणजे तो नॉर्वेचा गृहस्थ, लांबून चालत आला. वय साठीच्या पुढे, मान ऊन लागून लाल झालेली, खिशात एक छोटा ब्रश. मी कॉलेजात वर्षानुवर्षं तोंडी परीक्षा घेतल्या आहेत, तेव्हा बसून शांतपणे सुरुवात करावी म्हणून वाटेच्या कडेच्या मोठ्या दगडावर बसले. दगड मोडला. मी त्याच्यात कमरेपर्यंत गेले. थर्माकोलचा होता. हाल्वोर आणि रशीदा दोघांनी मला ओढून काढलं. साडीला पांढरे दाणे चिकटले होते ते रात्री विंचरून काढावे लागले. ईशान, हसू नकोस. जिथे कशावर बसायचं तेसुद्धा विचारून घ्यावं लागतं तिथे माणसांवर भरवसा कसा ठेवायचा, असं तेव्हा माझ्या मनात आलं.

त्याने मला खरी खुर्ची आणून दिली. ती मी आधी हलवून बघितली. मग त्याला सगळं विचारलं, जन्मापासून.

तो नॉर्वेच्या अगदी उत्तरेचा, जिथे हिवाळ्यात सूर्य जेमतेम क्षितिजावर येतो. वडील होड्या बांधायचे. तो शहरात नाटकांचे पडदे रंगवायला लागला आणि तिथून चित्रपटात आला. पहिल्याच चित्रपटात त्याने डोंगरावर एक शेतघर उभं केलं, जिथून देखावा सर्वांत छान दिसतो तिथे. ते पडद्यावर खोटं दिसलं. भिंती उत्तम, छप्पर उत्तम, पण तिथे घर बांधायला कुणी शहाणा माणूस गेलाच नसता. वारा सरळ तोंडावर, पाणी लांब. "तेव्हापासून मी आधी जमिनीला विचारतो," तो म्हणाला. कलावंत लोक असं बोलतातच, म्हणून मी ते वाक्य सोडून दिलं आणि पुढचा प्रश्न विचारला.

कॅमेऱ्यासमोर त्याने व्हेल पकडणारं जहाज उभं केलं होतं, ऑगस्टमध्ये कागदाचा बर्फ पाडला होता, युद्धात जळताना दाखवायचं एक अख्खं गाव आधी बांधून मग जाळलं होतं. आयुष्यभर बांधलं आणि प्रत्येक वेळी स्वतः उभं राहून मोडलं. मोडल्याशिवाय तो गाव सोडत नाही. त्याची मुलगी लहान असताना त्याला म्हणाली होती की इतर मुलांचे बाबा पूल बांधतात, ते दाखवता तरी येतात.

"म्हणजे आज काहीच उभं नाही?" मी विचारलं.

तो जरा लाजला. एक बसथांबा आहे, म्हणाला. एका चित्रपटासाठी आडरस्त्यावर लाकडी बसथांबा केला होता, तो मोडायचा राहून गेला. लोक पावसात त्याच्याखाली उभे राहायला लागले. मग बस थांबायला लागली. आता तो तिथल्या नकाशावर आहे.

तो हे कौतुकाने सांगत होता, मी मधेच थांबवलं. मी त्याला सांगितलं की तुमच्याकडे ही गंमत असेल, आमच्याकडे याला वहिवाट म्हणतात, आणि तुमच्या या बसथांब्यापायी ही बाई आपलं रान गमावेल. गफूरचं, अर्जाचं, गुरुवारचं, सगळं सांगितलं. सांगताना त्याच्या तोंडाकडे बघत होते. गफूरचं नाव ऐकून तो चमकला नाही. उठला, वाटेपाशी गेला, वाकला, आणि चाकोरीची कड उचलली. ती सतरंजीसारखी वर आली.

गोणपाट होतं. प्लास्टरमध्ये भिजवलेलं, वरून डिंकात कालवलेली हीच काळी माती. खरी चाकोरी उन्हाने भेगाळते, ढासळते, आणि चित्रणासाठी त्याला ती रोज जशीच्या तशी हवी होती. गुरुवारी हे साहेबांना मी स्वतः उचलून दाखवतो, तो म्हणाला.

रशीदाने कड उचललेली पाहिली आणि पहिल्यांदा तिच्या चेहऱ्यावरचा ताण गेला. घरी आल्यावर तिने खट्टी दाल, अंबाडीची भाजी आणि ज्वारीची भाकरी केली. आपल्याकडे पाहुण्याला ताट वाढून देतात. ती अजून जुन्या पद्धतीने दस्तरखान, म्हणजे जेवणाची चादर, अंथरते आणि भाकरी मोडून पहिला तुकडा पाहुण्याच्या हातात देते. मी आंबट खात नाही, पण त्या दिवशी दाल दोनदा घेतली.

बुधवार, गफूरचं रान

गफूरने हुरड्याला बोलावलं. रशीदा म्हणाली, जावा, पण पोट भरलं तरी कान उघडे ठेवा.

हुरडा म्हणजे ज्वारीचं कोवळं कणीस गोवऱ्यांच्या आरात भाजून, हातावर चोळून, गरम गरम खायचं. बरोबर शेंगदाण्याची चटणी, दही, गूळ. तुमच्याकडे मक्याची कणसं भाजतात त्यापेक्षा याला कष्ट जास्त आणि चव कितीतरी जास्त. गफूर स्वतः चोळून देत होता. तळहात लाल झाले तरी थांबला नाही. मी मनात म्हटलं, एवढं अगत्य फुकट नसतं.

"भाभींचं वाईट नको मला, बाई," तो म्हणाला. "आमच्या अब्बाची गाडी तिथनंच यायची. म्या लहान होतो, गाडीत मागं बसून यायचो. आता पावसात ट्रॅक्टर रुतला तर लोकं येतेत बघायला, वढायला कुणी येत न्हाय."

मी विचारलं, हाल्वोरला वाट कुठे करायची हे तुम्ही सांगितलं का? तो म्हणाला, त्यांची भाषा मला येत न्हाय. मी विचारलं, मॅनेजरला? तो म्हणाला, मॅनेजर नुसता च्या पितो आणि ढाब्याची बिलं लिहितो. आणि हसला. त्याचं हसू मला फार गोड वाटलं, म्हणून मी त्यातलं काहीच खरं मानलं नाही. नाल्याची ती जागा त्याने दाखवली. चिखल वाळून दगड झाला होता आणि त्यात ट्रॅक्टरच्या चाकांच्या खोल खळग्या होत्या. त्या मी बुटाच्या टोकाने ठोकून बघितल्या. खऱ्या होत्या.

गुरुवार, जागेची पाहणी

नायब तहसीलदार तरुण होते, शर्ट खोचलेला, बोलायला मऊ. तलाठी, दोन पंच, गावातले बरेच रिकामे लोक. रशीदा माझ्या शेजारी प्लास्टिकच्या खुर्चीवर, पदर तोंडाशी धरून. गफूरने वाटेकडे हात करून सांगायला सुरुवात केली की साहेब, चाकोरी बघा, ही काय आजची हाय?

मी हाल्वोरला खूण केली. तो पुढे गेला, वाकला आणि शांतपणे वाट गुंडाळायला लागला. विहिरीकडून सुरू केलं आणि गवतासकट, चाकोरीसकट, गाडी फसल्याच्या खुणेसकट ती गुंडाळत नेली. त्याची माणसं मदतीला आली. आधी कुणाला कळेना. मग कुणीतरी म्हणालं, "गफूरभाई, घ्या, काखंत मारून घरी न्या," आणि सगळे हसले. साहेबही हसले. गफूर हसला नाही. तो गुंडाळीकडे बघत नव्हता, तिच्याखालच्या जमिनीकडे बघत होता.

रशीदाने माझा हात दाबला. आपण जिंकलो होतो. मॅनेजर फोनवर बोलत लांब गेला होता. तलाठी लिहायला लागले. साहेब खुर्चीवरून उठता उठता हाल्वोरकडे वळून नुसतं कुतूहल म्हणून मला म्हणाले, "मॅडम, यांना विचारा, एवढं मोठं रान पडलंय, मग वाट बरोबर इथंच का केली?"

मी विचारलं. तीन दिवसांत मी त्याला जन्मगावापासून सगळं विचारलं होतं. हे विचारलं नव्हतं.

हाल्वोर माझ्याकडे वाकून हळू बोलला, त्याच्या त्या जाड उच्चारात. साहेबांच्या कानाला ते लागलं नसावं. तो म्हणाला, "मी वाट केली नाही. होती तिच्यावर पांघरूण घातलं."

मग त्याने सांगितलं. आमच्याकडे सूर्य सगळा हिवाळा जमिनीला टेकून असतो, तेव्हा जमिनीतला बोटभर खळगाही सावली टाकतो. मी तसं बघायला शिकलो. इथे तसं ऊन फक्त पहाटे मिळतं. या रानात विहिरीपासून नाल्यापर्यंत दोन उथळ रेषा आहेत. नांगराने पुसल्यात, पण जमीन तिथे बसलेली आहे. नाल्याकडच्या त्या बाभळी बघा, दोन रांगा आहेत आणि मधे गाडीभर जागा सोडून एकही झाड उगवलेलं नाही. रेषा जिथे नाल्याला मिळतात तिथे काठ उतरता कापलेला आहे, दगड लावून. जिथे काही नव्हतं तिथे मी कधीच काही उभं करत नाही.

"काय म्हणतात?" साहेबांनी विचारलं.

सगळे माझ्याकडे बघत होते. त्या रानात त्याचं बोलणं मला एकटीला कळलं होतं. मी रशीदाकडे पाहिलं. तिला इंग्रजी येत नाही, पण त्याचा हात बाभळींकडे गेला होता, नाल्याकडे गेला होता, आणि तिचं तोंड उतरलं होतं. तेव्हा मला कळलं की फोनवर तिचा आवाज रागाने कापत नव्हता. जाळी निघाल्यावर तिला खोटी वाट दिसली नव्हती. तिला ओळखीची वाट दिसली होती.

मी गोऱ्या माणसावर संशय घेतला, गफूरवर घेतला, मॅनेजरवर, गुलाबजामवर, खुर्चीवरसुद्धा. तिच्यावर नाही. गोवराच्या त्या दिवसांत ती माझ्या शेजारी बसली होती.

तो काय म्हणाला ते मी साहेबांना सांगितलं. एकही शब्द गाळला नाही.

पंच बाभळींकडे गेले. नाल्याच्या काठावरची माती तलाठ्याने चपलेने बाजूला केली, तर खाली दगड लागले, एकाला एक धरून बसवलेले. साहेब म्हणाले, गावातलं कोण कुणाचं हे मला माहीत आहे, पण हा माणूस कुणाचाच नाही.

मग रशीदा उठली. पदर तोंडावरून काढला. "होती वाट," ती म्हणाली. "पायाची होती, सासऱ्यांनी गाडीची करू दिली. हे गेल्यावर दर पेरणीला ती नांगरभर रुंद व्हायला लागली. एकट्या बाईचं रान, कोण बोलतंय? म्हणून म्या तिच्यावर तूर पेरली." आणि गफूरकडे बघून म्हणाली, "तुझ्या अब्बाला म्या न्हाय म्हणाले नसते. तुला म्हणाले."

गफूर बांधापाशी गेला. मग म्हणाला, "भाभी, गाडीपुरती द्या. बांधानं द्या, मधनं नको. दगडं म्याच रोवतो. त्येच्या बाहेर चाक गेलं तर दगड काढून तुमीच माझ्या डोस्क्यात घाला."

साहेबांनी तसं लिहून घेतलं. बांधाच्या कडेने, गाडी जाईल एवढी. रशीदाचं कडेचं रान गेलं, मधलं राहिलं. दोघांच्या सह्या झाल्या. हाल्वोरने गुंडाळलेली वाट पुन्हा अंथरायला घेतली, कारण त्याचं शूटिंग दुसऱ्या दिवशी होतं. जाताना मी त्याला म्हटलं, हे तुम्ही मला मंगळवारीच का सांगितलं नाही? तो म्हणाला, "सांगितलं होतं. तुम्ही पुढचा प्रश्न विचारलात."

त्या संध्याकाळी रशीदाने दस्तरखान अंथरला, भाकरी मोडली, आणि पहिला तुकडा स्वतः खाल्ला.

शुक्रवार, निघताना

सकाळी ती माझी बॅग घेऊन बरोबर आली. जीप रानाच्या रस्त्यावर थांबते, आणि जीपला उशीर होता. गफूर बांधावर पहार घेऊन खड्डे घेत होता. एक खड्डा रानात जरा आत वाटला, तेव्हा रशीदाने लांबूनच हात केला आणि त्याने तो बुजवून बाहेर घेतला. पलीकडे हाल्वोर गुडघ्यांवर बसून आपल्या खोट्या चाकोरीत ब्रशने धूळ भरत होता. चित्रण संपलं की तो ती मोडून टाकणार होता.

ऊन वाढत होतं. माझे पाय दुखत होते, पण मी उभीच राहिले. बसायचं कशावर?

गफूरने रोवायला आणलेले दगड कडेला पडले होते. रशीदाने त्यातल्या एका मोठ्यावरची माती पदराने झटकली. कालपासून ती माझ्याशी बोलली नव्हती.

"बसा, वैनी," ती म्हणाली. "ह्यो खरा हाय."

मी बसले. आधी हाताने दाबून बघितला, आणि ते बघून ती हसली.